पुरावा कोणी शोधायचा?

(अंबरनाथ येथे पक्षकार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात केलेल्या भाषणाचा मजकूर)



आजच्या वर्गासाठी जातीच्या दाखल्यांचे वाद हा विषय ठरला, तेव्हा दोघातिघांनी मला विचारले की हा तर वकिलांचा विषय, तो आपल्या वर्गात कशाला? मी त्यांना एवढेच म्हटले की मे आणि जून ह्या दोन महिन्यांत आपल्या कचेरीच्या बाकावर येऊन बसणारी माणसे कोणती कामे घेऊन येतात, ते आठवून पाहा. पाण्याची तक्रार असते, रेशनकार्डाची असते. परंतु प्लॅस्टिकच्या पिशवीत कागद घेऊन, काहीशा ओशाळल्या चेहऱ्याने जो येतो, तो बहुधा दाखल्यासाठी आलेला असतो. आपण त्याला एक चिठ्ठी देतो, तहसील कचेरीतल्या कुणाला तरी फोन करतो आणि आपले काम झाले असे समजतो. ह्या कामात आपण आजवर जी रीत ठेवली तिच्यात काही गंभीर चुका आहेत, असे माझे मत आहे. त्यांबद्दलच मला आज बोलावयाचे आहे.

प्रथम एक फरक स्पष्ट करून घेऊ, कारण आपले जुने कार्यकर्तेही येथे घोटाळा करतात. जातीचा दाखला ही एक गोष्ट आणि वैधता प्रमाणपत्र ही दुसरी. दाखला प्रांत कचेरीतून मिळतो. तो दाखवून कुणी राखीव जागेवर महाविद्यालयात प्रवेश मागितला, नोकरी मागितली किंवा निवडणुकीला उभा राहिला, की त्या दाखल्याची पडताळणी करावी लागते. अनुसूचित जमातींच्या दाव्यांसाठी कोकण विभागाची तपासणी समिती ठाण्याला बसते. इतर प्रवर्गांसाठी जिल्ह्याची निराळी समिती आहे. हे सारे २००१ च्या महाराष्ट्र अधिनियम क्रमांक २३ अन्वये चालते. त्या कायद्याचे आठवे कलम सांगते की आपण अमुक जातीचे किंवा जमातीचे आहोत, हे सिद्ध करण्याची जबाबदारी दावा करणाऱ्यावर आहे. दहावे कलम सांगते की दावा खोटा ठरला तर त्याच्या आधाराने मिळालेले सर्व लाभ काढून घ्यावेत. अकरावे कलम शिक्षेचे आहे: कमीत कमी सहा महिने, जास्तीत जास्त दोन वर्षे सक्तमजुरी, किंवा दंड, किंवा दोन्ही.

एवढा कडक कायदा का करावा लागला, हे समजल्यावाचून पुढचे समजणार नाही. अनुसूचित जमातींची यादी १९५० साली राष्ट्रपतींच्या आदेशाने निघाली. त्या काळी आणि पुढे १९५६ च्या फेरबदलानंतरही अनेक जमातींना काही जिल्ह्यांतील काही तालुक्यांपुरतीच मान्यता होती. तालुक्याची हद्द ओलांडली की ठाकर ठाकर राहत नसे, महादेव कोळी महादेव कोळी राहत नसे. हा उघड अन्याय होता. पोटासाठी डोंगर उतरून कल्याणच्या बाजूला आलेला आदिवासी वाटेत आपली जमात टाकून येतो काय? १९७६ साली संसदेने कायदा करून ही क्षेत्रमर्यादा उठवली. ती उठवण्याच्या बाजूने आपल्या विचाराचे लोक होते आणि ते बरोबरच होते.

परंतु पुढे काय झाले ते पाहा. १९७१ च्या जनगणनेत महाराष्ट्रातील अनुसूचित जमातींची लोकसंख्या २९ लाख ५४ हजार होती. १९८१ च्या जनगणनेत ती ५७ लाख ७२ हजार झाली. दहा वर्षांत जवळजवळ दुप्पट! एवढी मुले कुठल्याही जमातीत जन्माला येत नाहीत. ह्या वाढीत एक मोठा भाग त्या खऱ्या आदिवासींचा होता, ज्यांना तालुक्याच्या रेषेने आजवर बाहेर ठेवले होते. दुसरा भाग नामसादृश्याचा लाभ घेणाऱ्यांचा होता. यादीत 'कोळी महादेव' आहे, म्हणून समुद्रकाठचा कोळी 'महादेव कोळी' झाला. यादीत 'ठाकूर' आहे, म्हणून ठाकूर आडनावाच्या, डोंगराशी ज्यांचा काही संबंध नाही अशा, घराण्यांनी अर्ज केले. यादीत 'हलबा' आहे, म्हणून विदर्भातील कोष्टी विणकरांनी आपण हलबा असल्याचे दावे मांडले. ह्या सर्वांना मी सरसकट लबाड म्हणणार नाही. कोष्टी विणकर यंत्रमागापुढे उद्ध्वस्त झालेला माणूस आहे, सागरी कोळ्याची खाडी रसायनांनी मेली आहे. त्यांची दैना खरी आहे. परंतु त्या दैनेवरचा उपाय कातकऱ्याच्या ताटातून काढून घ्यायचा नाही, हे आपण कधी स्वच्छ बोललो नाही. ही आपली पहिली चूक.

२ सप्टेंबर १९९४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने कुमारी माधुरी पाटील ह्या नावाने प्रसिद्ध असलेल्या खटल्यात निकाल दिला. पडताळणीची आजची सारी व्यवस्था त्या निकालातून उभी राहिली आहे. खटला आपल्याच राज्यातला. दोघी बहिणी महादेव कोळी असल्याचा दाखला घेऊन वैद्यकीय व दंतवैद्यकीय शिक्षणाला गेलेल्या, आणि घरातील जुन्या शालेय नोंदीत 'हिंदू कोळी'. न्यायालयाने दावा फेटाळला. एकीचे वैद्यकीय शिक्षण अखेरच्या टप्प्यात होते, म्हणून तिला ते पुरे करू दिले. मात्र पुढे जमातीचा कोणताही लाभ मिळणार नाही, असे बजावले. त्याच निकालात न्यायालयाने पंधरा मार्गदर्शक सूचना घालून दिल्या: तीन सदस्यांची समिती असावी, तिच्यासोबत पोलीस अधिकाऱ्यांचे दक्षता पथक असावे, त्या पथकाने अर्जदाराच्या मूळ गावी जाऊन देवदेवता, विधी, लग्नाच्या रीती, मृताचे संस्कार ह्यांची चौकशी करावी, आणि समितीने दोन महिन्यांच्या आत निर्णय द्यावा. दोन महिने हा शब्द ऐकून आपल्यापैकी काहींना हसू आले. ते मी समजू शकतो.

येथे मी एक स्वतःचा अनुभव सांगतो. आपल्या एका शेजारच्या गावातील एक गृहस्थ, जातीने सागरी कोळी, एका सार्वजनिक उपक्रमात बावीस वर्षे नोकरीला होते. मोर्चाला येत, वर्गणी देत, निवडणुकीत रात्र रात्र भिंती रंगवत. त्यांच्या वडिलांनी पूर्वी कधी तरी महादेव कोळी असा दाखला काढून ठेवला होता आणि त्यावर नोकरी लागली होती. पडताळणीत दावा अवैध ठरला. ते माझ्याकडे आले आणि पक्षाचे एक पत्र मागू लागले: आम्ही ह्या कुटुंबाला ओळखतो, हे आदिवासीच आहेत, असे. मी नाही म्हटले. ते उठले नाहीत. बऱ्याच वेळाने म्हणाले, "भाऊ, मी चोर आहे का?" ते चोर नव्हते. दाखला त्यांनी काढलेला नव्हता. सरकारी शिक्क्याचा तो कागद खरा आहे असे समजूनच ते नोकरीला लागले होते. परंतु त्या जागेवर बावीस वर्षांपूर्वी एक ठाकराचा किंवा वारल्याचा मुलगा लागला असता, तो लागला नाही. त्याचे नाव आपल्याला माहीत नाही, तो आपल्या कचेरीत पत्र मागायला आला नाही, आणि म्हणून त्याची बाजू मांडायला त्या दिवशी खोलीत कुणी नव्हते. मी पत्र दिले नाही. त्यानंतर ते गृहस्थ आपल्या सभेला आले नाहीत, ह्याचे मला आजही वाईट वाटते.

न्यायालयांनाही हा पेच सुटायला बराच काळ लागला. २८ नोव्हेंबर २००० रोजी मिलिंद खटल्यात घटनापीठाने दोन गोष्टी सांगितल्या. एक, यादीत जे नाव जसे छापले आहे तसेच वाचायचे. त्यात अमुक जातही येते काय, ह्याचा पुरावा घेण्याचा अधिकार कोणत्याही न्यायालयाला नाही, यादी बदलायची तर ती संसदेनेच. म्हणून हलबा-कोष्टी म्हणजे हलबा नव्हे. दुसरी गोष्ट, ज्याच्या नावाने खटला होता तो तोवर डॉक्टर झाला होता. त्याच्या शिक्षणावर समाजाचा पैसा खर्ची पडला आहे, तेव्हा त्याची पदवी राहू द्यावी, आणि तोवर अंतिम झालेल्या प्रवेशांना व नेमणुकांना बाध येऊ नये. ह्या दुसऱ्या वाक्याचा आधार घेऊन पुढची सोळा-सतरा वर्षे नोकऱ्या वाचवण्याचे दावे चालले. शेवटी ६ जुलै २०१७ रोजी भारतीय अन्न महामंडळाच्या खटल्यात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने ते दार बंद केले. दावा अवैध ठरला की लाभ जाणार; फसवण्याचा हेतू होता की नव्हता, हा प्रश्न शिक्षेपुरता महत्त्वाचा, नोकरीपुरता नाही.

तत्त्व म्हणून हा निकाल मला मान्य आहे. तो मान्य नसेल तर राखीव जागा ह्या शब्दाला काही अर्थ उरत नाही. पण त्या निकालानंतर आपल्या सरकारने काय केले? २१ डिसेंबर २०१९ रोजी निर्णय काढून अशा कर्मचाऱ्यांना अधिसंख्य पदांवर घेतले. शासनाच्याच हिशेबाने अशी सुमारे १२,५०० पदे होती. अकरा महिन्यांची सोय म्हणून जे सुरू झाले, त्याला मुदतवाढी मिळत गेल्या. रिकाम्या झालेल्या मूळ पदांवर खऱ्या आदिवासींची भरती मात्र रखडत राहिली. म्हणजे ज्याच्याकडून जागा काढून घ्यायची त्याची सोय तातडीने झाली, आणि ज्याला ती द्यायची त्याला थांबायला सांगितले. मतपेटीत कोण संघटित आहे आणि कोण नाही, ह्याचे दुसरे उत्तम उदाहरण मला सुचत नाही.

यादीतल्या एका शब्दासाठी माणसे मेलीही आहेत. माधुरी पाटील निकालानंतर तीनच महिन्यांच्या आत, २३ नोव्हेंबर १९९४ रोजी, नागपूरला विधिमंडळावर गोवारींचा मोर्चा गेला होता. तेथे चेंगराचेंगरीत ११४ गोवारी मृत्यू पावले. मागणी अशी की यादीत 'गोंड गोवारी' म्हणून जे लिहिले आहे ते आम्हीच. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने २०१८ मध्ये ते मान्य केले; १८ डिसेंबर २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने फिरवले. धनगर आणि धनगड ह्यांचा वाद आपण जाणताच. उच्च न्यायालयाने त्या याचिका फेब्रुवारी २०२४ मध्ये फेटाळल्या. ह्या दोन्ही प्रश्नांवर पक्षाची भूमिका काय असावी हा निराळ्या वर्गाचा विषय आहे, त्यात आज शिरत नाही.

आता आपल्या तीन गावांकडे येऊ, कारण येथे हा प्रश्न विदर्भाहून निराळ्या रूपात उभा आहे. उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूर ही बाहेरून आलेल्या माणसांची गावे आहेत. कल्याणच्या लष्करी छावणीच्या बराकींत सिंधमधून आलेले निर्वासित उतरले, आणि ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल राजगोपालाचारींच्या हस्ते त्या वस्तीला उल्हासनगर हे नाव मिळाले. विम्को, दारूगोळ्याचा कारखाना, सेंच्युरी रेयॉन आणि नंतर औद्योगिक वसाहत ह्यांच्यासाठी कोकणातून, सोलापूर-मराठवाड्यातून, आंध्रातून, उत्तरेतून कामगार आले. लोकल गाडीने मुंबईची नोकरी आणि बदलापूरची खोली जोडून दिली. अशा गावात कायदा विचारतो: अमुक तारखेला तुझे कुटुंब कुठे राहत होते? अनुसूचित जातींसाठी ती तारीख १० ऑगस्ट १९५०, जमातींसाठी ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त व भटक्यांसाठी २१ नोव्हेंबर १९६१, आणि इतर मागासवर्गीयांसाठी १३ ऑक्टोबर १९६७.

निर्वासितांतील एखाद्या मेंघवार कुटुंबाचा विचार करा. ही जात महाराष्ट्राच्या यादीत आहे. कुटुंब १९४८ साली कल्याणच्या छावणीत आले असेल तर दावा उभा राहतो; आधी दुसऱ्या प्रांतातल्या छावणीत तीन वर्षे काढून १९५१ मध्ये येथे आले असेल तर अडचण उभी राहते. घर सोडताना कुणी जातीचा कागद उशाला बांधून आणला नव्हता. छावणीतल्या शाळांची जुनी रजिस्टरे सिंधी लिपीत, आणि जातीच्या रकान्यात पुष्कळदा नुसते 'हिंदू सिंधी'. फाळणीने ज्याचे गाव, जमीन आणि स्मशान नेले त्याला आपण आजोबांचा शाळेचा दाखला मागतो.

त्याहून कठीण उदाहरण सफाई कामगाराचे. हरियाणातून किंवा उत्तर प्रदेशातून १९५० नंतर आलेला वाल्मीकी कामगार येथे रस्ते झाडत आला. त्याच्या राज्यात ती जात अनुसूचित, आपल्या यादीतही ती आहे. तरीही त्याच्या येथे जन्मलेल्या मुलाला महाराष्ट्राच्या राखीव जागेचा हक्क नाही. कारण २ मे १९९० च्या मर्री चंद्रशेखर राव निकालात आणि त्यानंतर १९९४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की अनुसूचित असणे हे त्या त्या राज्यापुरते असते. पहिला खटला मुंबईच्याच वैद्यकीय महाविद्यालयातला होता. निकालामागचे कारण समजण्याजोगे आहे: एका राज्यातील मागासांचा वाटा दुसऱ्या राज्यातून आलेल्यांनी घेऊ नये. परंतु राज्याची सीमा ओलांडल्यावर हातातला झाडू काही सुटत नाही, हेही तितकेच खरे आहे. हा कायदा संसदेनेच बदलायचा आहे. तोवर आपल्या कार्यकर्त्यांनी अशा कुटुंबाला 'करून देतो' असे सांगू नये. तेथे दलाल शिरतो आणि पैसे जातात. राज्यांतर्गत आलेल्यांचे काम मात्र होण्यासारखे असते. लातूरच्या मातंग कामगाराला मूळ गावचा पुरावा लागतो, त्यासाठी तीन दिवसांची मजुरी आणि गाडीभाडे जाते. ते काम पक्षाच्या तिकडच्या शाखेला एका पत्राने करता येईल. आजवर आपण ते एकदाही केलेले नाही.

आणि आता ज्यांच्यासाठी ही यादी मुळात केली गेली त्यांच्याकडे येतो. बदलापूरच्या पूर्वेच्या डोंगराकडे, बारवीच्या बाजूला, उल्हास नदीच्या काठच्या वीटभट्ट्यांवर कातकरी आहेत, ठाकर आहेत. कातकरी ही महाराष्ट्रातील तीन आदिम जमातींपैकी एक. कोलाम आणि माडिया गोंड ह्या दुसऱ्या दोन. खैराचा कात काढणारा म्हणून कातकरी. जंगल गेले, कात गेला, मग कोळसा पाडणे आले, तेही गेले, आता विटा. बाहेरून आलेल्याचा कागद तिकडे राहिला. ह्याचा कागद कधी झालाच नाही.

ह्या डोंगराखालच्या एका वाडीतील मुलगी बारावी झाली. घराण्यात इतकी शिकलेली पहिलीच. परिचारिकेच्या शिक्षणासाठी तिला वैधता प्रमाणपत्र हवे होते. आजोबा शाळेत गेलेले नाहीत. वडील तिसरीपर्यंत गेले. तेथे मास्तरांनी 'काथोडी' लिहिले. मुलीच्या दाखल्यावर 'कातकरी'. एका कार्यालयातील कारकुनाने ह्या दोन शब्दांवर बोट ठेवून कागद परत केले: जात जुळत नाही. राष्ट्रपतींच्या यादीत हे दोन्ही शब्द एकाच नोंदीत शेजारी शेजारी आहेत! यादी त्याच्या मागच्या भिंतीवर लावलेली असेल किंवा नसेल. मग स्वातंत्र्यापूर्वीचा पुरावा आणा, असे सांगितले. अंबरनाथ आणि उल्हासनगर हे तालुके कल्याणमधून निघालेले. तेव्हा जुने दप्तर कल्याणच्या नावाचे. एका निवृत्त तलाठ्याला मी बरोबर घेतले. चार खेपांनंतर कोतवाल बुकात, मोडीत लिहिलेली, तिच्या पणजोबांच्या घरच्या एका जन्माची नोंद सापडली. जातीच्या रकान्यात 'काथोडी'. ते मूल पुढे जगलेही नाही, असे म्हातारीने सांगितले. त्या न जगलेल्या मुलाच्या नोंदीवर ह्या मुलीला प्रमाणपत्र मिळाले. तोवर प्रवेशाची मुदत संपली होती आणि तिचे एक वर्ष गेले. त्या वर्षी ती आईबरोबर भट्टीवर गेली.

कागद नसेल तेथे आप्तभाव पाहायचा, असे व्यवस्था म्हणते. म्हणजे जमातीच्या चालीरीतींशी अर्जदाराचे नाते. कल्पना चांगली होती. प्रत्यक्षात बदलापूरला भाड्याच्या खोलीत वाढलेल्या ठाकराच्या मुलाला विचारतात की तुमचा देव कोणता, लग्नात काय करता, नाच कोणता. तो सांगतो, आम्ही गणपती बसवतो. झाले, परीक्षेत नापास! आणि दुसरीकडे ज्याला दावा करायचाच आहे तो पुस्तक वाचून कामडी नाचाची सारी माहिती पाठ करून येतो. २०११ मध्ये आनंद खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की स्थलांतराने व शिक्षणाने ह्या खुणा पुसट होतात, म्हणून ही चाचणी शेवटची कसोटी मानू नये. स्वातंत्र्यपूर्व कागदाला अधिक वजन द्यावे. २४ मार्च २०२३ रोजी, आदिवासी ठाकूर जमात स्वरक्षण समितीच्या खटल्यात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने तेच पक्के केले आणि सांगितले की कागदांनी समितीचे समाधान होत असेल तर प्रत्येक प्रकरण दक्षता पथकाकडे पाठवण्याची गरज नाही. हे दोन्ही निकाल आपल्या प्रत्येक शाखेच्या फायलीत असले पाहिजेत. पण त्यांचा फायदा कुणाला? ज्याच्याजवळ कागद आहे त्याला. न्यायालय पुराव्याचे वजन ठरवू शकते. पुरावा शोधायला वाडीवर जाऊ शकत नाही.

तेव्हा मुख्य प्रश्न असा की पुरावा कोणी शोधायचा? आठवे कलम म्हणते, दावा करणाऱ्याने. लबाडाला रोखण्यासाठी हे कलम हवे, हे मी आधीच मान्य केले आहे. परंतु दप्तर सरकारचे, लिपी मोडी, खोलीची किल्ली सरकारी नोकराकडे, आणि शोधायची जबाबदारी अशा माणसावर की ज्याला एक दिवस भट्टीवरून सुट्टी घेतली तर उचल अंगावर येते! सरकारला हे करता येत नाही, असे कुणी सांगू नये. सप्टेंबर २०२३ मध्ये मराठवाड्यातील कुणबी नोंदी शोधण्यासाठी निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमली गेली. नंतर तिचे काम राज्यभर वाढवले. महसुलाची, शाळांची, भूमी अभिलेखाची दप्तरे काढली, मोडी आणि उर्दू वाचणारे बसवले, सापडलेल्या नोंदी जिल्ह्यांच्या संकेतस्थळांवर चढवल्या. त्या आंदोलनाच्या मागणीविषयी आपली मते काहीही असोत. सरकारने मनात आणले की दप्तरे उघडतात, हे त्यातून सिद्ध झाले. मग जुन्या कल्याण तालुक्याच्या कोतवाल बुकांतील, गाव नमुना चौदामधील, शाळांच्या जनरल रजिस्टरांतील काथोडी, ठाकर, महादेव कोळी, वारली ह्या नोंदी सरकारने एकदाच काढून वाडीवाडीच्या चावडीवर का लावू नयेत? ह्यासाठी लाखोंचे मोर्चे निघाल्याशिवाय चालणारच नसेल, तर कातकऱ्याने काय करावे? १५ नोव्हेंबर २०२३ पासून केंद्राच्या जनमन योजनेत आदिम जमातींसाठी शिबिरे होऊ लागली आणि त्यांत दाखले मिळू लागले, ही चांगली गोष्ट झाली. तथापि शिबिरात मिळतो तो दाखला. पडताळणीच्या दारात पुन्हा तोच प्रश्न उभा राहतो.

निवडणुकीचाही उल्लेख करायलाच हवा. आपला अंबरनाथ विधानसभा मतदारसंघ २००९ पासून अनुसूचित जातींसाठी राखीव आहे; तिन्ही गावांच्या स्थानिक संस्थांत राखीव प्रभाग असतात. निवडून आल्यावर सहा महिन्यांत वैधता प्रमाणपत्र दाखल केले नाही तर पद जाते, हे सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०१८ मध्ये कायम केले, आणि लगेच राज्य सरकारने कायदा बदलून ती मुदत बारा महिन्यांची केली. पक्ष कोणताही असो, राखीव प्रभाग जाहीर झाला की ज्याच्याकडे माणसे व पैसा आहे अशा इच्छुकासाठी दाखला शोधला जातो. आपल्यातही एकदा अशी कुजबुज झाली होती. ज्यांना ती आठवते त्यांना आठवते. मी येथे अधिक बोलत नाही. ज्याचा दावा आपल्याला स्वतःला खरा वाटत नाही त्याला उमेदवारी नाही आणि शिफारसपत्रही नाही, एवढा नियम जरी आपण पाळला तरी वाडीवर गेल्यावर मान वर करून बोलता येईल.

कामाचे सांगतो. मुंबई उच्च न्यायालयाने २०१० मध्ये ठरवून दिले आहे की वडिलांकडच्या रक्ताच्या नातलगाला रीतसर चौकशीनंतर वैधता मिळाली असेल, तर इतरांना साधारणपणे ती नाकारू नये. ह्याचा अर्थ असा की प्रत्येक भावकीतील एक प्रमाणपत्र पक्के झाले की मागच्या वीस मुलांची वाट मोकळी होते. तेव्हा बारावीच्या मुलाच्या मागे जूनमध्ये धावण्याऐवजी भावकीनिहाय वंशावळी आधी लिहून काढाव्या लागतील. म्हातारी माणसे जिवंत आहेत तोवरच हे होण्यासारखे आहे. ज्या घरात बाप सोडून गेला आहे आणि आईने एकटीने मूल वाढवले, तेथे २०१२ चा रमेशभाई नायका निकाल वाचावा. मूल आईच्या जमातीत वाढले असल्याचे दाखवता आले तर तो दावाही उभा राहतो.

भट्टीची माणसे दिवाळीनंतर वाड्या सोडतात आणि पावसाच्या तोंडावर परततात. म्हणजे वंशावळी लिहिण्यासाठी आपल्या हाती जून ते ऑक्टोबर एवढेच महिने आहेत. बदलापूरच्या साथींनी वाड्या वाटून घ्याव्यात. उल्हासनगरच्या साथींनी सिंधी लिपी वाचणारे एखादे जुने शिक्षक शोधावेत. मोडी वाचणारे दोन गृहस्थ मला माहीत आहेत, दोघेही सत्तरीच्या पुढचे; त्यांची नावे मी चिटणिसांकडे दिली आहेत. त्यांच्या जाण्यायेण्याचा आणि नकलांच्या शुल्काचा खर्च पक्षनिधीतून व्हावा, असा ठराव आजच्या बैठकीत घ्यावा, अशी माझी सूचना आहे.